आकाशांतील दिवे आणि कपाटांतील कागद



२०२२ सालचा गुढीपाडवा आपल्यापैकीं पुष्कळांच्या स्मरणांत असेल. त्या दिवशीं, म्हणजे २ एप्रिलला, रात्रीं पावणेआठच्या सुमारास तेजस्वी दिव्यांची एक रांग विदर्भाच्या आकाशांतून सरकत गेली. ही उल्का कीं परग्रहावरील विमान, अशी चर्चा घरोघर सुरू झाली. त्याच रात्रीं चंद्रपूर जिल्ह्यांतील सिंदेवाही तालुक्यांत, लाडबोरी गांवीं, सुमारें तीन मीटर व्यासाचें धातूचें कडें पडलेलें आढळलें.

उल्का बहुधा कांहीं सेकंदांतच विझते. पृथ्वीभोंवतीं फिरणारा रॉकेटचा अवशेष मात्र सेकंदास सुमारें आठ किलोमीटर वेगानें, तिरकस वातावरणांत शिरतो व तुटत-जळत बराच वेळ दिसत राहतो. अशा अवशेषांच्या कक्षांच्या नोंदी उघड मिळतात. त्यांवरून अमेरिकेंतील खगोलशास्त्रज्ञ जोनाथन मॅकडॉवेल यांनीं, हा फेब्रुवारी २०२१ मध्यें सोडलेल्या चिनी रॉकेटचा तिसरा टप्पा असावा, असें लागलींच सांगितलें. पुढें इस्रोच्या शास्त्रज्ञांनींही त्या वस्तूंची पाहणी केली.

आतां नोंदी कपाटांत बंद असल्या म्हणजे काय होतें, तें पाहूं. १९४७ मध्यें अमेरिकेंत रॉसवेलजवळ कांहीं अवशेष सांपडले. लष्करानें प्रथम ती ‘उडती तबकडी’ म्हटली, व लगेच हवामानाचा फुगा म्हणून सांगितलें. रशियाच्या अणुस्फोटांचा ध्वनि टिपण्यासाठीं सोडलेल्या गुप्त फुग्यांचे ते अवशेष होते, हा खुलासा वायुदलानें १९९४ सालीं केला. सत्तेचाळीस वर्षांत दंतकथेनें खोल मूळ धरलें होतें.

खगोलशास्त्रज्ञ जे. ॲलन हायनेक यांनीं १९४८ पासून वायुदलाचे सल्लागार म्हणून अशा वृत्तांतांची छाननी केली. आरंभीं ते पूर्ण साशंक होते. १९६६ मध्यें मिशिगनमधील दिव्यांचें कारण दलदलींतील वायु असावा, असें त्यांनीं सुचविलें आणि त्यांचें देशभर हंसें झालें. १९६९ अखेर चौकशी बंद झाली, तेव्हां १२,६१८ वृत्तांतांपैकीं ७०१ अनुत्तरित होते. इकडे १९५५ पासून अतिशय उंचावरून उडणारीं यू-२ हेरविमानें लोकांस दिसत होतीं. खरें कारण ठाऊक असूनही चौकशी करणारे तें लपवीत, असें अमेरिकन गुप्तहेर खात्याच्या इतिहासकारानें १९९७ मध्यें लिहिलें. हायनेक यांनीं १९७३ सालीं स्वतंत्र संशोधन केंद्र स्थापिलें, व १९८६ मध्यें देहावसान होईपर्यंत या प्रश्नाचा पाठपुरावा केला.

त्या ७०१ वृत्तांतांवरून परग्रहावरील पाहुणे सिद्ध होत नाहींत. पुरावा अपुरा होता, एवढेंच म्हणतां येतें. ‘आम्हांस ठाऊक नाहीं’ हें उत्तर सुज्ञ नागरिक मान्य करतो. राष्ट्ररक्षणासाठीं ‘आज सांगतां येत नाहीं’ हेंही तो समजून घेईल. परंतु एकदां खोटें कारण सांगितलें, कीं पुढें खरें सांगूनही त्यावर विश्वास बसत नाहीं. लाडबोरीचें कडें अफवांतून लवकर सुटलें, कारण त्याचा माग काढण्यास लागणारे कागद कोणीं कुलपांत ठेवले नव्हते.