करारातील लवादाचे कलम आणि दिवाणी न्यायालयाची कक्षा

पांढुर्णा व सौंसर हे तालुके मध्यप्रदेशात असले (२०२३ पासून त्यांचा स्वतंत्र पांढुर्णा जिल्हा झाला आहे) तरी येथील संत्री व कापूस यांचा बराच व्यवहार नागपूरच्या बाजारपेठेशी होतो. त्यामुळे येथे लिहिल्या जाणाऱ्या करारांत एक अडचण नेहमी दडलेली असते. बाग इकडे, व्यापारी तिकडे. आंबिया बहाराचा विसार घेताना ज्या छापील कागदावर सही होते, त्याच्या तळाशी बारीक अक्षरांत दोन वाक्ये असतात : वाद लवादाकडे जाईल, आणि न्यायक्षेत्र नागपूर राहील. ही दोन वाक्ये वेगवेगळी आहेत व त्यांचे परिणामही वेगवेगळे आहेत. ते स्पष्ट करणे हा प्रस्तुत लेखाचा हेतू आहे.

प्रथम शब्दांविषयी थोडेसे. मराठीत ‘लवाद’ हा शब्द निवाडा करणारी व्यक्ती आणि ती पद्धती या दोन्हींसाठी वापरतात. उर्दूत ‘सालिस’ म्हणतात. मूळ अरबी अर्थ ‘तिसरा’, म्हणजे दोन पक्षांखेरीजचा. कुरआनच्या सूरह निसामध्ये (आयत ३५) पती-पत्नींत बेबनाव झाल्यास दोन्ही घराण्यांतून एकेक ‘हकम’ नेमण्यास सांगितले आहे. इ.स. ६५७ मधील सिफ्फीनच्या लढाईनंतर राजकीय तंटाही हजरत अबू मूसा अशअरी व हजरत अम्र बिन आस या दोन हकमांकडे सोपविला गेला. मराठेशाहीत पंचायतीपुढे जाणारे वादी-प्रतिवादी पंचांचा निर्णय मान्य राहील असा ‘राजीनामा’ लिहून देत व जामीनही देत. आज मराठीत राजीनामा म्हणजे नोकरी सोडल्याचे पत्र. मूळ अर्थ मात्र राजीखुशीचा कागद. लवादाचा सर्व पाया या राजीखुशीतच आहे. सहीशिवाय किंवा लेखी संमतीशिवाय लवाद नाही.

दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ९ नुसार कायद्याने मनाई केली नसेल तर दिवाणी न्यायालय प्रत्येक दिवाणी दावा चालवू शकते. मग खाजगी करार त्याचा हा अधिकार कसा अडवतो? भारतीय करार कायदा, १८७२ च्या कलम २८ प्रमाणे न्यायालयात जाण्याचा हक्क पूर्णपणे बंद करणारा करार निरर्थक ठरतो. परंतु लवादाकडे जाण्याचा करार त्याच कलमात अपवाद म्हणून वाचविला आहे. १९४० च्या लवाद कायद्याखाली दावा थांबवावा की नाही हे न्यायाधीशांच्या मर्जीवर असे. १९९६ च्या कायद्याच्या कलम ८ ने ती मर्जी काढून घेतली. सकृद्दर्शनी वैध लवाद करार असेल तर न्यायालयाने पक्षांना लवादाकडे पाठवलेच पाहिजे.

येथे एक बारकावा आहे व आमच्या मते सर्वसामान्य पक्षकाराच्या दृष्टीने तोच सर्वांत महत्त्वाचा आहे. न्यायालय स्वतःहून कोणाला लवादाकडे पाठवीत नाही. प्रतिवादीने तसा अर्ज, करारपत्राच्या मूळ किंवा प्रमाणित प्रतीसह, वादाच्या गुणदोषांवर आपले पहिले निवेदन देण्याच्या तारखेपर्यंत केला पाहिजे. कैफियत दाखल झाल्यावर कलमाची आठवण झाली तर उपयोग नाही. दावा तेथेच चालतो. म्हणजे लवादाचे कलम असूनही पांढुर्ण्यात दावा दाखल करण्यास बंदी नाही. तो टिकतो की नाही हे समोरच्याच्या तत्परतेवर ठरते.

आता दुसरे वाक्य, न्यायक्षेत्राचे. हकमसिंग विरुद्ध गॅमन इंडिया (१९७१) या खटल्यात ठेकेदाराने वाराणसीच्या न्यायालयात धाव घेतली होती, तर करारात फक्त मुंबईचे न्यायालय असे लिहिले होते. (लवादाच्या खटल्यातील पक्षकाराचे नाव हकम असावे हा योगायोगच.) सर्वोच्च न्यायालयाने ठरविले की ज्या न्यायालयाला मुळात अधिकारच नाही त्याला पक्षकार अधिकार देऊ शकत नाहीत, पण दोन न्यायालयांना अधिकार असेल तर त्यांपैकी एक निवडू शकतात. एबीसी लॅमिनार्ट (१९८९) मध्ये करारात ‘फक्त’ हा शब्द नव्हता, म्हणून गुजरातेतील खेड्याचे न्यायक्षेत्र लिहिलेले असूनही तमिळनाडूतील सेलमचे न्यायालय वगळले गेले नाही. ही सवलत पुढे आकुंचित झाली. स्वस्तिक गॅसेस विरुद्ध इंडियन ऑइल (२०१३) मध्ये ‘फक्त’ शब्द नसतानाही कोलकात्याचा उल्लेख पुरेसा मानला गेला. आणि इंडस मोबाईल विरुद्ध डेटाविंड (२०१७) मध्ये, माल दिल्लीहून चेन्नईला जात असताना, केवळ लवादाचे स्थान मुंबई लिहिल्यामुळे मुंबईची न्यायालये एकमेव ठरली. तेव्हा ‘लवादाचे स्थान नागपूर’ असे लिहून देणाऱ्या बागायतदाराने अंतरिम मनाईसाठी किंवा निवाडा रद्द करण्यासाठीही नागपूरलाच जावे लागेल हे समजून सही करावी.

लवाद कोण नेमणार हेही वाचावे. एकाच पक्षाने आपल्या मर्जीने एकमेव लवाद नेमण्याची तरतूद पर्किन्स ईस्टमन (२०१९) च्या निर्णयानंतर टिकत नाही, आणि २०२४ मध्ये पाच न्यायाधीशांच्या पीठानेही तीच दिशा कायम ठेवली.

सरकारी बांधकामांच्या ठेकेदारांची गोष्ट मध्यप्रदेशात निराळी आहे. सीमेपलीकडच्या वरुड-नरखेडच्या ठेकेदाराचा अनुभव येथे लागू पडत नाही. मध्यप्रदेश माध्यस्थम् अधिकरण अधिनियम, १९८३ नुसार राज्य शासन व त्याच्या उपक्रमांच्या बांधकाम-ठेक्यांतील वाद भोपाळच्या अधिकरणापुढेच जातात. करारात लवादाचे कलम असो वा नसो, दिवाणी न्यायालयाला त्यात अधिकार नाही. २०१० च्या एका निर्णयाने १९९६ च्या कायद्यामुळे हा राज्य कायदा संपला असे म्हटले होते, एल. जी. चौधरी इंजिनिअर्सच्या प्रकरणात (२०१२ व २०१८) ते मत मागे पडले.

बियाण्यांच्या बाबतीत शेतकऱ्याला आणखी एक दार उघडे आहे. नॅशनल सीड्स कॉर्पोरेशन विरुद्ध मधुसूदन रेड्डी (२०१२) मध्ये सदोष बियाण्याबद्दल शेतकरी ग्राहक मंचाकडे गेले. करारात लवादाचे कलम आहे ही महामंडळाची हरकत फेटाळली गेली, कारण ग्राहक कायद्यातील उपाय हा इतर उपायांच्या जोडीचा आहे. मात्र ज्याने आधी लवादाचा मार्ग धरला त्याला नंतर ग्राहक मंचाकडे वळता येणार नाही, असेही न्यायालयाने त्याच निर्णयात सूचित केले आहे.