आत्ताचा आकडा, परवाची रात्र

कणकुंबीहून बेळगाव गाठायचं म्हणजे जांबोटीमार्गे चाळीस-पन्नास किलोमीटरचा जंगलातला रस्ता, आणि ऐन पावसाळ्यात या पट्ट्यात रस्त्याचा भरवसा कुणी देत नाही. मलप्रभेच्या उगमाचं हे गाव गोव्याच्या हद्दीला लागून आहे. घाटापलीकडे कर कमी म्हणून दारू स्वस्त, अलीकडे अबकारी खात्याचा पहारा. अशा भागात रोज पिणारा माणूस तापानं, अपघातानं किंवा घरच्यांच्या धाकानं एकदम थांबला आणि दुसऱ्या दिवशी थरथरत्या हातांनी आरोग्य केंद्रात आला, तर त्याला आत्ता किती त्रास होतोय एवढ्यावर डॉक्टरांचं भागत नाही. याला इथेच ठेवायचं की उजेड आहे तोवर बेळगावला धाडायचं, हे त्यांना ठरवावं लागतं. दारू सुटल्याच्या त्रासाची तीव्रता मोजण्यासाठी जगभर वापरली जाणारी मापनपट्टी पहिल्या प्रश्नाचं उत्तर चांगलं देते. दुसऱ्याचं तिच्याकडे नाही. मोठं रुग्णालय जितकं लांब, तितका हा दुसरा प्रश्न आधी विचारायला हवा, असं माझं म्हणणं आहे.

कारण या आजाराला स्वतःचं वेळापत्रक आहे. मेंदूत आवर घालणारं रसायन गाबा आणि चेतवणारं ग्लुटामेट. दारू पहिल्याला जोर देते, दुसऱ्याला दाबते. वर्षानुवर्षं रोज दारू मिळत राहिली की मेंदू तोल राखण्यासाठी आपला आवर सैल करतो आणि चेतना वाढवून ठेवतो. मग दारू थांबली की दाब जातो, वाढवलेली चेतना तेवढी उरते. शेवटच्या घोटानंतर सहा-आठ तासांत हात कापू लागतात, मळमळ आणि घाम सुरू होतो. आकडी आली तर ती बहुधा पहिल्या दोन दिवसांत येते. आणि ज्याला डॉक्टर ‘डेलिरियम ट्रेमेन्स’ म्हणतात, म्हणजे भास, बडबड, माणसं न ओळखणं, ताप, धावती नाडी, ते साधारण दोन ते चार दिवसांनी उभं राहतं. दर शंभरांत चार-पाच जणांनाच ते होतं, पण उपचाराविना ते जीव घेतं. उपचार करूनही त्यातले १ ते ५ टक्के दगावतात. सोमवारी सकाळी बाकावर शांत बसलेला माणूस बुधवारी रात्री खाटेवरून उठून पळू लागतो, तो असा.

ही मापनपट्टी टोरोंटोत तयार झाली. एडवर्ड सेलर्स आणि सहकाऱ्यांनी आधीच्या १५ कलमी पट्टीची काटछाट करून १९८९मध्ये १० कलमी ‘सीवा-एआर’ प्रसिद्ध केली. नऊ कलमांना ० ते ७, दहाव्याला ० ते ४. एकूण ६७ गुण. तिचं बळ बारकाव्यात आहे. रुग्णानं हात पुढे करून बोटं फाकायची. कंप डोळ्यांना दिसत नाही, पण त्याच्या बोटांच्या टोकांना आपली बोटं लावल्यावर जाणवतो, तर १ गुण. हात पुढे केल्यावर ठळक दिसतो, तर ४. हात मांडीवर असतानाही सुटत नाही, तर ७. तळवे ओलसर असतील तर घामाचा १, कपाळावर थेंब असतील तर ४. नाडी आणि रक्तदाब लिहायला कागदाच्या माथ्यावर जागा आहे, गुण मात्र नाहीत, कारण या त्रासाच्या तीव्रतेशी त्यांचा मेळ फारसा बसत नाही असं आढळलं होतं. आठ-दहाच्या खाली सौम्य, पंधराच्या वर तीव्र, असा ढोबळ हिशेब. एकदा सराव झाला की सिस्टरला पाच मिनिटं पुरतात. पट्टीचा उपयोग सिद्ध झाला तो १९९४च्या अमेरिकी चाचणीत. १०१ रुग्णांपैकी काहींना ठरल्या वेळी गोळ्या दिल्या, काहींना गुण वाढतील तेव्हाच. पहिल्या गटाचा उपचार मध्यमानानं ६८ तास चालला, दुसऱ्याचा ९ तास. औषध ४२५ मिलिग्रॅमऐवजी १०० मिलिग्रॅम लागलं. औषधात एवढी बचत क्वचितच दिसते.

पण त्या चाचणीतले रुग्ण आधीच भरती झालेले होते, आणि गुण पुन्हापुन्हा मोजणारं माणूस चोवीस तास शेजारी होतं. यातलं काहीही गृहीत धरता येत नाही तिथे एकदाच काढलेला ‘७’ हा आकडा फसवा ठरतो. शेवटचा घोट घेऊन सहा तास झालेल्या माणसाचे ७ आणि तीन दिवस उलटलेल्याचे ७ यांत जमीन-अस्मानाचा फरक आहे. पहिला चढणीला लागलाय, दुसरा बहुधा उतरणीला. पट्टी दोघांना एकच शेरा देते. म्हणून आधी भाकीत करणारी पट्टी हवी. स्टॅनफर्डच्या होजे माल्डोनाडो यांच्या गटानं २०१४मध्ये मांडलेली ‘पॉस’ हे काम करते. पूर्वी दारू थांबवल्यावर आकडी आली होती का, भ्रमिष्टपणा झाला होता का, दारूबरोबर झोपेच्या गोळ्या किंवा दुसरी नशा होती का, असे दहा मुद्दे. चार किंवा जास्त जुळले तर धोका मोठा. पुढे ४०३ रुग्णांवर तपासल्यावर गुंतागुंत होणाऱ्यांपैकी ९३ टक्के तिनं आधीच ओळखले. हेही रुग्णालयातलेच रुग्ण होते, तेव्हा तो आकडा जसाच्या तसा घाटमाथ्यावर उतरेल असं मानण्याचं कारण नाही. पण तिच्यातले मोलाचे प्रश्न घरच्यांना विचारता येतात, आणि पूर्वीची आकडी बायको विसरत नाही.

यावर अनुभवी डॉक्टर म्हणतील, कागद कशाला, माणूस बघितला की कळतं. बऱ्याचदा कळतंही. पण रात्रपाळीला येणाऱ्या दुसऱ्या माणसाला ‘बरा वाटतो’ या शेऱ्याचा उपयोग काय? दुपारी ६, संध्याकाळी ९, रात्री १४ अशी चढती रांग मात्र कुणालाही वाचता येते. दुसरा आक्षेप अधिक वजनदार आहे. पट्टी परक्या मुलखातली. ती आजची तारीख विचारते. रोजंदारीवर जाणाऱ्याला तारीख धड असतानाही सांगता येईलच असं नाही, पण वार, बाजाराचा दिवस, अमावास्या चुकत नाही. अंगावर किडे फिरल्यासारखं वाटतं का, हा प्रश्न जळवांच्या दिवसांत या जंगलपट्टीत विचारला तर खरंखुरं ‘हो’ही येऊ शकेल! तारखेच्या घोळाचे फार तर तीन गुण, त्यामुळे तो वार-बाजार विचारून दुरुस्त होतो. खरा धोका भाषेचा. दहांपैकी बरीच कलमं रुग्णाच्या उत्तरावर उभी आहेत, आणि विचारणारा कन्नड, सांगणारा मराठी असेल तर आकडा काढूच नये, आधी दुभाष्या गाठावा. अमेरिकेतल्या मेयो क्लिनिकमध्येही २००८च्या एका पाहणीत गुण बघून औषध दिलेल्या १२४ जणांपैकी निम्म्याहून कमीच या पद्धतीला योग्य होते. बाकीच्यांत काहींना नीट बोलता येत नव्हतं, तर काही अलीकडे प्यायलेलेच नव्हते. तिथे असं, तर इथे सावध असलेलं बरं.

दारू एकाच दिवशी सगळ्यांची सुटली तर काय होतं, हे २०२०च्या टाळेबंदीनं दाखवलं. कर्नाटकात दुकानं बंद झाली ती ४ मेपर्यंत. बेंगळुरूच्या रुग्णालयांच्या नोंदी तपासणाऱ्या अभ्यासात गुंतागुंतीच्या रुग्णांची रोजची सरासरी ४ वरून ८ वर गेलेली आढळली. केरळ सरकारनं तर डॉक्टरांच्या चिठ्ठीवर दारू देण्याचा आदेश काढला, त्याला उच्च न्यायालयानं २ एप्रिलला स्थगिती दिली. शहरातल्या रुग्णाला त्या दिवसांत निदान मोठा दवाखाना जवळ होता.

मग सगळ्यांनाच बेळगावला पाठवावं का? तेही नको. २०१९च्या राष्ट्रीय पाहणीनुसार दारूवर अवलंबून असलेल्या ३८ जणांमागे एकालाच कसला तरी उपचार मिळतो. उरलेले जिल्हा रुग्णालयात मावणार नाहीत, आणि बहुतेकांना त्याची गरजही नाही. अशी मोजणी प्राथमिक केंद्रात जमते याचा दाखला घाटाखालीच आहे. गोव्यात ‘संगाथ’ संस्थेनं दहा प्राथमिक आरोग्य केंद्रांत ‘ऑडिट’ प्रश्नावलीवर १२ ते १९ गुण पडलेले पुरुष निवडले आणि डॉक्टर नसलेल्या, शिकवून तयार केलेल्या समुपदेशकांकडून त्यांना मदत दिली. २०१७मध्ये प्रसिद्ध झालेल्या निष्कर्षांत तीन महिन्यांनी धोकादायक पिणं सुटलेल्यांचं प्रमाण ३६ टक्के होतं, तुलनेच्या गटात २६. ती प्रश्नावली वेगळी, पिण्याची सवय मोजणारी. पण कागद-पेनावरचं मापन मोठ्या इस्पितळाबाहेर टिकतं, हे त्यातून कळतं.

तेव्हा क्रम असा हवा: आधी शेवटच्या घोटाची वेळ आणि मागची आकडी, मग बी-१ म्हणजे थायमिनचं इंजेक्शन, आणि मगच ग्लुकोजचं सलाईन. थायमिन नसलेल्या शरीरात नुसतं ग्लुकोज सोडलं तर मेंदूला कायमची इजा होण्याचा धोका असतो, आणि आपल्याकडे सलाईनची घाई रुग्णाच्या नातेवाइकांनाच जास्त. धोका कमी असेल तर गोळ्या सुरू करून दर काही तासांनी गुण काढत इथेच ठेवता येतं. मागे आकडी किंवा भ्रमिष्टपणा झालेला असेल, तर गुण ५ असले तरी गाडी मागवावी. बेळगावच्या चिठ्ठीवर नुसतं ‘अल्कोहोल विथड्रॉवल’ लिहून भागणार नाही: शेवटचा घोट कधी, कुठल्या वेळी किती गुण, कुठलं औषध किती दिलं, आणि रुग्णाशी कुठल्या भाषेत बोलणं झालं, हेही त्यावर असावं.