स्वस्थ बसण्याचा धोका

साठी उलटली कीं घरची मंडळी प्रेमानें म्हणतात, "आतां स्वस्थ बसा." सेवानिवृत्तीनंतर आमच्या चिंचवडांत मीं सहा महिने तो सल्ला मानला, पुढें मोरया गोसावींच्या मंदिराजवळील घाट चढतांना गुडघ्यांनीं जाब विचारला! न वापरलेला स्नायु झिजतो, आणि उतारवयांत तर फारच त्वरेनें. महर्षि धोंडो केशव कर्वे आश्रमाच्या प्रारंभीं पुण्याहून हिंगण्यास पायीं जात. जन्म १८५८ चा. १९२९ सालीं ते परदेशप्रवासास निघाले, १९४४ सालीं त्यांनीं समता संघ काढला, आणि १९६२ सालीं, १०४ वर्षांचे होऊन, निवर्तले. सर्व श्रेय चालण्याचेंच, असें मी म्हणत नाहीं. मात्र सूनबाईस बजावलें आहे: भाजी मीच आणणार, पिशवी जड असली तरी.