मैत्री की मुठीत ठेवणं? ‘रिअल फ्रेंड्स’ हे ग्राफिक पुस्तक काय सांगतं?

शाळेच्या ग्रुपवर मेसेज टाकला. सगळ्यांनी वाचला, उत्तर कुणीच दिलं नाही. मग कळलं, तुम्हाला वगळून दुसराच ग्रुप तयार झालाय. घरी सांगितलं तर ऐकायला मिळतं, “एवढं काय मनाला लावून घेतेस!” पण हे खरंच किरकोळ असतं का? अमेरिकी लेखिका शॅनन हेल यांनी याच विषयावर तीन ग्राफिक पुस्तकं लिहिली आहेत.

पुस्तकात काय आहे?

‘रिअल फ्रेंड्स’ २०१७ मध्ये आलं. चित्रं लेउयेन फाम यांची, गोष्ट हेल यांच्या स्वतःच्या लहानपणाची. शॅनन आणि एड्रियन अगदी लहानपणापासूनच्या मैत्रिणी. पुढे एड्रियन वर्गातल्या जेनबरोबर राहू लागते. जेन म्हणजे ‘द ग्रुप’ची म्होरकी. तिची एक नंबरची मैत्रीण होण्यासाठी मुलींमध्ये चढाओढ लागते, त्यासाठी दुसरीला त्रासही दिला जातो. आज आपण ग्रुपमध्ये आहोत की बाहेर, हेच शॅननला कळेनासं होतं.

याला छळ म्हणायचं का?

हो. टाळणं, अफवा पसरवणं, “तिच्याशी बोललीस तर माझ्याशी बोलू नकोस” अशी अट घालणं, हे सगळं मानसशास्त्रात आक्रमकतेचाच एक प्रकार मानतात. इथे हत्यार असतं ते नातं. निकी क्रिक आणि जेनिफर ग्रोटपीटर यांचं १९९५ मधलं संशोधन यावर महत्त्वाचं मानलं जातं. अंगावर वळ उठत नाहीत, त्यामुळे शिक्षकांना आणि पालकांना काही दिसत नाही.

मग अशी मैत्री सोडवत का नाही?

कारण ती रोज वाईट नसते. एक दिवस गळ्यात गळा, दुसऱ्या दिवशी अबोला. प्रेम कधी मिळेल याचा नेम नसला की माणूस त्याची जास्तच वाट पाहतो आणि चूक आपल्यातच शोधू लागतो.

त्यात हाटकेशसारख्या वस्तीत शाळा, क्लास आणि सोसायटी, तिन्हीकडे बऱ्याचदा तीच मुलं भेटतात. ग्रुप तुटला तर संध्याकाळी खाली कुणाबरोबर बसायचं, हा प्रश्न मुलांसाठी खरा असतो.

मानसिक आरोग्याशी संबंध काय?

२०२१ च्या ‘फ्रेंड्स फॉरएव्हर’ या तिसऱ्या पुस्तकात शॅनन आठवीत आहे. काहीही केलं तरी तिला आनंद वाटत नाही. ते नैराश्य असतं, पण तेव्हा त्याचं निदान झालेलं नसतं. जागतिक आरोग्य संघटनेच्या मते, १० ते १९ वयोगटातल्या दर सात जणांपैकी एकाला मानसिक आजार असतो. अर्थात, नैराश्याला एकटी मैत्री कारणीभूत नसते, पण सततची भीती त्रास वाढवू शकते.

चित्रांमुळे काय फरक पडतो?

मुलांना जे शब्दांत सांगता येत नाही, ते चित्रात दिसतं. शॅननची मोठी बहीण चिडली की तिच्या जागी अस्वल काढलेलं आहे. भीती समजवायला वेगळं वाक्य लागत नाही.

भांडण आणि ताबा, फरक कसा ओळखायचा?

- भांडणात दोघंही माफी मागतात. इथे नेहमी तुम्हीच मागता.
- इतर मित्रांशी बोललात की शिक्षा मिळते.
- तुमचं गुपित धमकीसारखं वापरलं जातं.
- भेटून आल्यावर बरं वाटण्याऐवजी धास्ती वाटते.

मदत कुठे मिळेल?

आधी विश्वासातल्या एका मोठ्या माणसाला सांगा. केंद्र सरकारची ‘टेली-मानस’ हेल्पलाइन (१४४१६) २४ तास मोफत आहे आणि तिथे मराठीत बोलता येतं. ठाण्यात डॉ. आनंद नाडकर्णी यांनी १९९० मध्ये सुरू केलेली आयपीएच ही मानसिक आरोग्य संस्थाही आहे.

आणि पालकांनो, मुलगी “आज कुणी बोललं नाही” म्हणाली, तर “दुसरी मैत्रीण कर” म्हणण्याआधी “कधीपासून?” एवढं नक्की विचारा.