हरलेल्यांनी लिहिलेला इतिहास: अमेरिकन यादवीवरच्या पुस्तकांबद्दलचे गैरसमज

इतिहास जेते लिहितात, हे वाक्य अमेरिकन यादवी युद्धाला (1861–65) लावले की उलटे पडते. दक्षिणेचे जनरल ली शरण आल्याला जेमतेम वर्ष झाले होते, तेवढ्यात 1866 मध्ये रिचमंडचे पत्रकार एडवर्ड पोलार्ड यांनी दक्षिणेची कैफियत पुस्तकरूपाने मांडली. तिच्या शीर्षकातूनच ‘लॉस्ट कॉज’, म्हणजे हरलेली पण उदात्त लढाई, हे नाव रूढ झाले. फुटून निघालेल्या राज्यांचे अध्यक्ष जेफरसन डेव्हिस यांनी 1881 मध्ये दोन जाडजूड खंड काढले. 1894 मध्ये स्थापन झालेल्या ‘युनायटेड डॉटर्स ऑफ द कॉन्फेडरसी’ या संघटनेने पुढे शाळांकडे मोर्चा वळवला. तिच्या इतिहासकार मिल्ड्रेड रदरफोर्ड यांनी 1920 च्या सुमारास पाठ्यपुस्तके तपासण्याची मोजपट्टीच छापली. दक्षिण गुलामगिरी टिकवण्यासाठी लढली असे सांगणारे पुस्तक नाकारावे, आणि ते ग्रंथालयात आधीच असेल तर त्यावर ‘दक्षिणेवर अन्याय करणारे’ असा शेरा मारावा, अशी सूचना तीत होती. जेत्यांनी काय केले? त्यांच्या युद्धखात्याने 1880 ते 1901 या काळात दोन्ही सैन्यांची कागदपत्रे 128 ग्रंथांत छापली. त्यासाठी दक्षिणेकडचे दप्तर गोळा करायला दक्षिणेचाच एक माजी जनरल नेमला होता.

युद्ध गुलामगिरीवरून नव्हे, राज्यांच्या हक्कांवरून झाले, हा सर्वांत चिवट गैरसमज दक्षिणेच्या याच पुस्तकांतून पसरला. त्याचे खंडन करायला उत्तरेच्या कोणा लेखकाची गरज पडत नाही. दक्षिणेचेच दप्तर पुरते. फुटून निघताना मिसिसिपीने जाहीरनाम्यात आपली बाजू गुलामगिरीच्या संस्थेशी पूर्णपणे एकरूप असल्याचे लिहिले. साउथ कॅरोलायनाची तक्रार तर अशी, की उत्तरेकडची राज्ये पळून आलेले गुलाम परत करत नाहीत. म्हणजे दुसऱ्या राज्यांनी स्वतःचा हक्क वापरला, हेच तिचे दुखणे होते. दक्षिणेचे उपाध्यक्ष अलेक्झांडर स्टीव्हन्स यांचे उदाहरण याहून बोलके आहे. मार्च 1861 मध्ये सव्हाना येथील भाषणात त्यांनी वंशांची असमानता हीच नव्या राजवटीची कोनशिला म्हटली. युद्ध हरल्यावर लिहिलेल्या दोन खंडांत मात्र सारा वाद राज्यघटनेचा आणि केंद्रसत्तेचा झाला. माणूस तोच, मध्ये फक्त पराभव आला होता.

दूरवरच्या पुण्याला हे चित्र स्वच्छ दिसत होते. जोतीराव फुले यांनी 1873 मध्ये ‘गुलामगिरी’ हे पुस्तक अर्पण केले ते गुलामांच्या मुक्तीसाठी झटलेल्या अमेरिकेतील लोकांना. खुद्द अमेरिकेत मात्र शालेय पुस्तके या प्रश्नाला कशी बगल देतात, याची झडती घ्यायला 1935 मध्ये इतिहासकार डब्ल्यू. ई. बी. डुबॉइस यांना एक अख्खे प्रकरण खर्ची घालावे लागले.

उत्तरेचे सेनापती युलिसिस ग्रँट यांच्या आठवणी मार्क ट्वेनने लिहिल्या, असेही सांगितले जाते. ट्वेन प्रकाशक होता, लेखक नव्हे. 1884 मध्ये दिवाळे निघालेल्या आणि घशाच्या कर्करोगाने ग्रासलेल्या ग्रँट यांनी काही भाग सांगून, बराचसा स्वतःच्या हाताने लिहिला. काम पुरे झाल्यावर काही दिवसांतच, 23 जुलै 1885 रोजी ते गेले. पुस्तकाच्या मानधनातून त्यांच्या पत्नीला सुमारे साडेचार लाख डॉलर मिळाले.

मृतांचा आकडा अनेक पुस्तकांत 6,20,000 असा ठाम छापलेला असतो. तो एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस मांडलेला अंदाज आहे, आणि दक्षिणेच्या अपुऱ्या नोंदींमुळे त्याची एक बाजू पहिल्यापासून लंगडी होती. इतिहासकार जे. डेव्हिड हॅकर यांनी 2011 मध्ये जनगणनांची तुलना करून सुमारे साडेसात लाख हा आकडा पुढे आणला. तोही अंदाजच आहे. यातले बहुसंख्य सैनिक गोळीने नव्हे, रोगाने मेले, हे रणधुमाळीची वर्णने वाचताना सहज विसरले जाते.

अशा वर्णनांत शेल्बी फूट यांचे तीन खंड (1958–74) अव्वल मानले जातात. पण फूट मुळात कादंबरीकार, आणि त्यांच्या खंडांत तळटीपा नाहीत. एखादे विधान कुठून आले हे वाचकाला तपासता येत नाही. मायकेल शारा यांच्या ‘द किलर एंजल्स’मधून गेटिसबर्गची लढाई शिकणाऱ्यांनी तर हे लक्षात ठेवावे, की त्या पुस्तकाला पुलित्झर मिळाले ते कादंबरी म्हणून.

हजारो कृष्णवर्णीय दक्षिणेच्या बाजूने लढले, ही समजूत 2010 मध्ये व्हर्जिनियातील चौथीच्या पाठ्यपुस्तकापर्यंत पोहोचली होती. लेखिकेने ती माहिती इंटरनेटवरून घेतली होती. वस्तुस्थिती अशी, की दक्षिणेच्या सैन्यात गुलामांकडून स्वयंपाक, ओझी वाहणे, खंदक खणणे अशी कामे करून घेतली जात. त्यांना सैनिक म्हणून भरती करण्याचा कायदा दक्षिणेच्या काँग्रेसने मार्च 1865 मध्ये मंजूर केला. लीच्या शरणागतीला तेव्हा महिनाही उरला नव्हता, आणि उत्तरेच्या सैन्यात तोवर पावणेदोन लाखांहून अधिक कृष्णवर्णीय दाखल झाले होते.