आधी आग की आधी पाणी?
शहापूर-मुरबाडच्या शेतकऱ्याला क्रमाचं महत्त्व सांगावं लागत नाही: उन्हाळ्यात राब भाजायचा, मग पावसावर भाताचं रोप धरायचं. २८ सप्टेंबर २०२० रोजी आलेल्या ‘गेनशिन इम्पॅक्ट’ या व्हिडिओ गेममधली लढाईही अशीच क्रमावर चालते. आग, पाणी, वीज, हिम, वारा, दगड आणि वनस्पती अशी तिथे सात तत्त्वं. पहिल्या वाराचं तत्त्व शत्रूच्या अंगावर थोडा वेळ टिकतं. तेवढ्यात दुसऱ्या तत्त्वाचा वार बसला की दोन्ही मिळून तिसरंच काही घडतं. आगीवर पाणी मारलं तर त्या वाराची ताकद दुप्पट, पाण्यावर आग मारली तर दीडपट. हिमावर मात्र आग दुप्पट लागते! पाणी आणि हिमाने शत्रू गोठतो, आग आणि विजेने स्फोट होतो.

‘डिव्हिनिटी: ओरिजिनल सिन’ (२०१४) हा खेळ तर जमीनच लढाईत ओढतो. पाऊस पाडा, साचलेल्या पाण्यात वीज सोडा. त्यात उभ्या असलेल्या सगळ्यांना झटका बसतो, आपल्या गड्यांनाही. मला ही रचना जास्त सच्ची वाटते.

नव्या खेळाडूंनी एवढं करावं: हलका वार आधी टाकावा, जोरकस वार त्याच्यामागून.