श्रद्धा आणि संस्कृती (लेखांक ७) : तुकोबांच्या वाटेने ख्रिस्ताकडे

मागच्या आठवड्यात आपण फादर थॉमस स्टीफन्स यांच्या ‘ख्रिस्तपुराणा’चा परिचय करून घेतला. १६१६ साली गोव्यात छापलेल्या त्या सुमारे अकरा हजार ओव्यांनंतर मराठी ख्रिस्ती काव्यात तेवढ्या तोलाचा माणूस यायला जवळजवळ तीनशे वर्षे जावी लागली. तो माणूस म्हणजे रेव्हरंड नारायण वामन टिळक.

टिळक प्रॉटेस्टंट, आणि त्यांची कर्मभूमी नगर, राहुरी, सातारा. वसईच्या कॅथलिक घरात ही लेखमाला वाचणाऱ्याला वाटेल, यांचे इथे काय काम? काम आहे. धर्म बदलला म्हणजे आपली बोली, आपले संत, आपले गाणे परके होते का, हा प्रश्न वसईच्या ख्रिस्ती माणसालाही चुकलेला नाही. पण आपल्याकडे गावेच्या गावे ख्रिस्ती झाली, शेजार मोडला नाही. त्यामुळे सामवेदी बोली टिकली, लुगडे टिकले, लग्नातली गाणी टिकली. टिळक मात्र एकटे गेले. गावाने जे नकळत सांभाळले, ते त्यांना स्वतः विचार करून, किंमत मोजून सांभाळावे लागले.

त्यांचा जन्म ६ डिसेंबर १८६१ रोजी रत्नागिरी जिल्ह्यातल्या करजगावचा, चित्पावन ब्राह्मण कुटुंबातला. नाशकात संस्कृतचे अध्ययन झाले, पुढे नागपूरला ग्रंथसंपादनाचे काम मिळाले. १८९३ मध्ये नागपूरहून राजनांदगावला जाताना आगगाडीत एका युरोपियन प्रवाशाने त्यांना ‘नवा करार’ वाचायला दिला. येशूच्या डोंगरावरील प्रवचनाने ते भारावले. १० फेब्रुवारी १८९५ रोजी मुंबईत त्यांनी बाप्तिस्मा घेतला.

त्याचा सगळ्यात मोठा घाव त्यांच्या पत्नी लक्ष्मीबाईंना बसला. नवऱ्याने धर्म बदलला आणि संसार दुभंगला. काही वर्षे त्या वेगळ्या राहिल्या. पुढे नवऱ्याकडे आल्या त्याही आपले सोवळे घेऊनच. टिळकांनी बळजबरी केली नाही. जातिभेद देवाने केलेला नाही, हे लक्ष्मीबाईंना स्वतःच्या विचाराने पटले, तेव्हा त्यांनी सोवळे सोडले आणि १९०० मध्ये ख्रिस्ती दीक्षा घेतली. हे सारे त्यांनी ‘स्मृतिचित्रे’ या आत्मचरित्रात इतक्या मोकळेपणाने लिहिले आहे की टिळकांचा हट्ट, त्यांचा राग, त्यांचे दातृत्व काहीच झाकलेले राहत नाही. टिळकांच्या विचारांची खरी कसोटी या घरात लागली, असे माझे मत आहे.

१९०४ मध्ये ते दीक्षित पाळक झाले. नगरच्या अमेरिकन मराठी मिशनमध्ये त्यांनी शिकवले, ‘ज्ञानोदय’ या नियतकालिकाच्या मराठी विभागाचे संपादन केले, मुलाफुलांवर कविता लिहिल्या. बालकवी ठोंबरे काही काळ त्यांच्याच घरी राहिले. पण पाळक म्हणून त्यांचे मोठे काम उपासनेतले. मराठी मंडळ्यांमध्ये इंग्रजी गीतांची भाषांतरे विलायती चालींवर गायली जात, आणि ती म्हणणाऱ्या शेतकऱ्याच्या गळ्यात बसत नसत. टिळकांनी अभंग, भजन आणि कीर्तन हाती घेतले. ख्रिस्ती कीर्तन नगरकडे त्यांच्या आधीपासून होत होते. टिळकांनी त्याला पहिल्या प्रतीचे काव्य दिले. ‘उपासना संगीत’ या गीतसंग्रहाचा फार मोठा भाग आजही त्यांचाच आहे.

तुकारामांच्या पुलावरून आपण ख्रिस्तापर्यंत आलो, असे ते सांगत. हा केवळ कृतज्ञतेचा उद्गार नव्हता. देव या देशाशी आधीपासून बोलत होता आणि संतांनी ते ऐकले होते, असा त्यांचा ठाम विश्वास होता. तो मान्य केला की मिशनरी हा शिकवणारा आणि देशी माणूस नेहमी शिकणारा, ही मांडणीच कोसळते. म्हणून परदेशी पैशावर आणि परदेशी अधिकारावर उभ्या असलेल्या चर्चबद्दल ते अस्वस्थ होते. १९१७ मध्ये त्यांनी मिशनची नोकरी सोडली, संन्यस्त जीवन पत्करले आणि साताऱ्यास ‘देवाचा दरबार’ उभारायला घेतला. बाप्तिस्मा घेतलेले आणि न घेतलेले, दोन्ही ख्रिस्तभक्त त्यात बंधू म्हणून यावेत, ही कल्पना. आजही कित्येक धर्मपंडितांना ती पचणार नाही. ते काम रुजण्याआधीच, ९ मे १९१९ रोजी मुंबईत टिळकांचे निधन झाले. त्यांच्या इच्छेप्रमाणे दहन झाले आणि अस्थी नगरच्या ख्रिस्ती दफनभूमीत ठेवल्या गेल्या. त्यांचे अपुरे राहिलेले ख्रिस्तचरित्रपर काव्य ‘ख्रिस्तायन’ लक्ष्मीबाईंनी पुढे नेले.

आता वसईकडे या. भुईगावचे थॉमस दाब्रे यांनी तुकारामांच्या ईश्वरानुभवावर प्रबंध लिहिला आणि १९९८ मध्ये ते वसई धर्मप्रांताचे पहिले बिशप झाले. नंदाखालचे फादर फ्रान्सिस दिब्रिटो यांनी ‘सुबोध बायबल’ सिद्ध केले. २०२० च्या उस्मानाबाद साहित्य संमेलनाच्या अध्यक्षपदी त्यांची निवड झाली तेव्हा ते धर्मगुरू आहेत म्हणून विरोध झाला. तरी ते व्यासपीठावर गेले आणि मराठी लेखक म्हणून बोलले. पंथ वेगळा, काळ वेगळा, पण टिळकांनी मांडलेला हक्क तोच.

पुढील लेखांकात दाब्रे यांच्या तुकाराम-अभ्यासाकडे वळू. तोवर ज्यांनी ‘स्मृतिचित्रे’ वाचलेली नाही, त्यांनी ती जरूर मिळवून वाचावी.